वर्गांतील संशोधन

‘संशोधन’ हा शब्द आमच्या विद्यार्थिदशेंत पदवी-परीक्षेच्या अलीकडे क्वचितच ऐकूं येई. आज तो आठव्या-नवव्या इयत्तेपर्यंत उतरला आहे. प्रकल्पवही नाहीं अशी शाळा सांपडणें कठीण, आणि विद्यार्थ्यांच्या ठायीं संशोधकवृत्ति निर्माण करण्याचा संकल्प ज्यांत नाहीं असा अभ्यासक्रमहि सांपडणें कठीण. शब्द खालीं उतरला याचा आम्हांस आनंदच आहे. परंतु शब्दाबरोबर वस्तूहि उतरली कीं नाहीं, एवढाच प्रश्न प्रस्तुत लेखांत विचारावयाचा आहे. तो विचारण्यास एक लहानसा प्रसंग कारण झाला.

चंद्रपूर जिल्ह्यांत, राजुऱ्याच्या पलीकडे, कोरपना हें तालुक्याचें गांव आहे. एकीकडे कापसाची काळी जमीन, दुसरीकडे माणिकगडचे डोंगर व त्यांतील गोंड-कोलामांच्या वस्त्या, आणि मधें चुनखडीच्या खाणी व गडचांदूर-आवारपूरचे सिमेंटचे कारखाने, असा हा मुलूख. मराठी, गोंडी, कोलामी आणि तेलुगू अशा चार भाषा येथील बाजारांत कानांवर पडतात. या भागांतील एका शाळेंत प्रकल्पवह्या तपासण्याचा योग आम्हांस आला. वह्या सुमारें चाळीस होत्या. मुखपृष्ठें सुबक, समास आंखलेले, चित्रें चिकटविलेलीं. विषय बहुतेकांचा एकच, हवेचें प्रदूषण. आंकडे दिल्लीचे. निष्कर्षाचें पान तर सर्वांचें इतकें सारखें, कीं एका शब्दांतील ऱ्हस्वदीर्घाची चूकसुद्धां पंचवीस-तीस वह्यांत जशीच्या तशी उतरली होती. शाळेच्या खिडकींतून खनिजाचे ट्रक जातांना दिसत होते. पण रस्त्याकांठच्या कपाशीच्या पानावर धूळ बसते कीं नाहीं, बसत असल्यास किती, हें पाहण्यास एकहि विद्यार्थी वर्गाबाहेर गेलेला दिसला नाहीं.

एका मुलीच्या वहींत मात्र मधलीं दोन पानें पेन्सिलीनें लिहिलेलीं होतीं. घरामागच्या विहिरीचें पाणी दिवाळीपासून होळीपर्यंत किती उतरलें, हें तिनें दोरास गांठी मारून दर रविवारीं मोजलें होतें. एके ठिकाणीं, त्या रविवारीं मामाकडे गेल्यामुळें मोजलें नाहीं, अशी प्रांजळ नोंद होती. शेवटीं, जानेवारींत पाणी एकदम कां उतरलें तें कळलें नाहीं, असें वाक्य होतें. त्या दोन पानांवर लाल शाईची तिरपी रेघ ओढलेली होती, व समासांत ‘विषयास सोडून’ असा शेरा होता. गुणपत्रकांत मांडणी, सजावट, निष्कर्ष असे रकाने होते. निरीक्षणास रकाना नव्हता. आम्हीं रकान्यांप्रमाणेंच गुण दिले, आणि त्या वहीस सर्वांत कमी गुण मिळाले. बसनें परततांना आमच्या ध्यानांत आलें कीं, चाळीस वह्यांत जें काय संशोधन होतें तें त्या दोन पानांतच होतें.

यांत त्या एका शाळेचा दोष आहे असें आम्हांस म्हणावयाचें नाहीं. आम्ही स्वतः तीस वर्षें महाविद्यालयांत शिकवीत आहों, आणि आमच्याहि वर्गांत हेंच चालत आलें आहे. नक्कल करणारा विद्यार्थी आळशी असतो हा समज चुकीचा आहे. चाळीस पानें सुवाच्य अक्षरांत उतरवून काढणें हें कष्टाचेंच काम होय. तो नक्कल करतो याचें कारण निराळें आहे. प्रश्नाच्या आधीं उत्तर कोठेंतरी तयार असतें आणि तें गुरुजींस ठाऊक असतें, हें त्यास पहिल्या इयत्तेपासून पटलेलें असतें. मग तें उत्तर स्वतः शोधण्यापेक्षां जेथें तयार आहे तेथून आणणें हेंच त्यास शहाणपणाचें वाटतें, आणि त्याच्या दृष्टीनें तें बरोबरहि आहे. शिक्षकाला ज्याचें उत्तर ठाऊक आहे अशा प्रश्नाचें संशोधन होऊं शकत नाहीं. त्याची फक्त परीक्षा होते. म्हणून संशोधन शिकवावयाचें तर शिक्षकानें प्रथम स्वतःस अज्ञात असलेला प्रश्न वर्गांत आणला पाहिजे. हें कसें करावें याचे नमुने आपल्याकडे नाहींत असें नाहीं. तीन आम्हांस विशेष महत्त्वाचे वाटतात, आणि त्यांतले दोन याच अरण्यप्रदेशांतले आहेत.

पहिला नमुना इतिहासाचार्य वि. का. राजवाडे (१८६३–१९२६) यांचा. ‘मराठ्यांच्या इतिहासाचीं साधनें’ या मालेचा पहिला खंड १८९८ सालीं निघाला. १७५० ते १७६१ या काळांतील पत्रें त्यांत आहेत, व पानिपतच्या प्रसंगाचा खल प्रस्तावनेंत आहे. त्या प्रस्तावनेचें महत्त्व तिच्या निष्कर्षांहून तिच्या पद्धतींत अधिक आहे. बखरकार काय सांगतो, ग्रँट डफ काय सांगतो, आणि त्याच दिवसांत लिहिलेलें अस्सल पत्र काय सांगतें, हें ताडून पाहावयाचें. विरोध आला तर कोण प्रसंगाच्या अधिक जवळ होता हें विचारावयाचें. आणि ग्रंथ छापील आहे किंवा ग्रंथकार मोठा आहे एवढ्यावरून त्यास मान तुकवावयाची नाहीं. मात्र याच राजवाड्यांनीं पुढें शब्दव्युत्पत्तींत व समाजशास्त्रांत जीं ठाम विधानें केलीं, त्यांपैकीं पुष्कळ मागाहूनच्या पंडितांस मान्य झालीं नाहींत. दुसऱ्याच्या साधनांवर त्यांनीं जितकी शंका घेतली, तितकी स्वतःच्या तर्कावर घेतली नाहीं. ही उणीव विद्यार्थ्यांपासून लपवूं नये. तीहि शिकण्यासारखीच आहे.

ही रीत कोरपन्याच्या वर्गांत आणण्यास पानिपतची गरज नाहीं. आपला तालुका महाराष्ट्रांत केव्हां आला, हा प्रश्न घेऊन मुलांस आपापल्या घरच्या वृद्धांकडे पाठवावें. एक आजोबा सांगतील, निजामाचें राज्य गेलें तेव्हां. दुसरे छप्पन सालाचें नांव घेतील. तिसरे म्हणतील, चांद्याला जोडलें तेव्हां. आणि पाठ्यपुस्तक वाचलेला मुलगा १ मे १९६० ही तारीख पुढें करील. वर्गांत प्रथम भांडण होईल, आणि तें होऊं द्यावें. मग कागद काढावे. राजुरा तालुका, व त्यांत आजचा कोरपना, हैदराबाद संस्थानच्या आदिलाबाद जिल्ह्यांत होता. सप्टेंबर १९४८ मध्यें संस्थान भारतांत आलें. १९५६ च्या राज्यपुनर्रचनेंत तालुका मुंबई राज्यांत येऊन नांदेड जिल्ह्यास जोडला गेला. १९५९ त तो चांदा जिल्ह्यांत आला. आणि १९६० त महाराष्ट्र राज्य झालें. म्हणजे चौघांपैकीं खोटें कोणीच बोललें नाहीं. प्रत्येकानें ‘आला’ या क्रियापदाचा निराळा अर्थ घेतला, एवढेंच. साक्षीदार खोटा ठरविण्यापूर्वीं आपला प्रश्न संदिग्ध होता काय हें पाहावें, हा धडा चौदा वर्षांच्या मुलाला अशा एका तासांत मिळतो. आम्हांस तो पदवी घेतल्यावरहि पुष्कळ दिवस मिळाला नव्हता.

दुसरा नमुना गडचिरोलीचा. डॉ. अभय व डॉ. राणी बंग यांनीं १९८६ सालापासून त्या जिल्ह्यांत आरोग्याचें संशोधन आरंभिलें. त्यांच्या वसाहतीचें नांवच शोधग्राम आहे. त्यांच्या निबंधांची कीर्ति सर्वत्र झाली आहे. आमच्या विषयाच्या दृष्टीनें त्याहून मोलाची गोष्ट म्हणजे त्यांनीं मोजण्याची विद्या कोणाच्या हातीं दिली ही होय. न्युमोनिया झालेल्या बालकाचा श्वास जलद चालतो. तो एका मिनिटांत किती वेळां चालतो हें मोजलें तर रोग ओळखतां येतो. पण गांवच्या सुइणीस मोठे आंकडे मोजतां येत नसत. तेव्हां त्यांच्यासाठीं एक साधें उपकरण करण्यांत आलें. मिनिटभराचें वाळूचें घड्याळ आणि तारेंत ओंवलेले मणी. दर दहा श्वासांस एक मणी सरकवावयाचा, आणि वाळू संपण्यापूर्वीं तांबड्या मण्याची पाळी आली तर मूल आजारी समजावयाचें. निरक्षर बाईस शास्त्र कळणार नाहीं असें म्हणून हे गृहस्थ थांबले नाहींत. तिला जेवढें येतें तेवढ्यांतून मोजणी कशी करतां येईल, हें त्यांनीं शोधलें.

याच संस्थेचा नवजात बालकांवरील निबंध १९९९ सालीं ‘लॅन्सेट’ या वैद्यकीय पत्रांत प्रसिद्ध झाला. त्यांत ३९ गांवांत घरोघरीं बालकांची सुश्रूषा करण्यांत आली, आणि दुसऱ्या ४७ गांवांकडे तुलनेसाठीं पाहण्यांत आलें. तुलनेचीं गांवें कशास हवींत, हें एकदां मुलांस कळलें म्हणजे संशोधनाचा अर्धा मार्ग सरला असें आम्ही समजतों. विहीर मोजणाऱ्या त्या मुलीस हेंच सांगावयास हवें होतें. जानेवारींत पाणी उतरलें तें शेजारच्या शेतांत गव्हा-हरभऱ्यास पाणी सुरू झालें म्हणून, कीं आणखी कांहीं कारणानें? जेथें गव्हा-हरभऱ्यास पाणी देत नाहींत अशी गांवांतली दुसरी विहीर शोध, दोन्हींत एकाच दिवशीं दोर सोड, आणि मग सांग. एवढ्या तीन वाक्यांनीं तिचीं दोन पानें पुढच्या वर्षीं दहा झालीं असतीं. तीं वाक्यें लिहिण्यास लागली असती तेवढीच शाई तिरप्या रेघेस लागली.

तिसरा नमुना मेंढा (लेखा) या गांवचा. हेंहि धानोरा तालुक्यांतलें, शोधग्रामच्याच बाजूचें, गोंडांचें गांव. देवाजी तोफा व मोहन हिराबाई हिरालाल यांच्या नांवांशीं तें निगडित आहे, आणि मिलिंद बोकील यांनीं ‘गोष्ट मेंढा गावाची’ या पुस्तकांत त्याची हकीकत दिली आहे. २००९ सालीं सुमारें १८०० हेक्टर वनावर या गांवाचा सामूहिक हक्क मान्य झाला, हें वृत्त पुष्कळांनीं वाचलें असेल. परंतु त्या हक्काच्या मागें पुष्कळ वर्षें चाललेला अभ्यासगट होता, इकडे थोड्यांचेंच लक्ष गेलें. हा गट निर्णय करीत नाहीं. तो केवळ माहिती मिळवितो, कायदा वाचतो, बाहेरच्या जाणकारांस बोलावून विचारतो व आपसांत चर्चा करतो. निर्णय ग्रामसभा सर्वसहमतीनें करते. अभ्यास व निर्णय यांची ही फारकत आम्हांस अत्यंत मार्मिक वाटते. ज्याला आजच निष्कर्ष काढावयाचा नाहीं, त्यालाच मोकळेपणीं शंका घेतां येते. आमच्या वर्गांत उलट आहे: निष्कर्षाचें पान आधीं भरलें जातें.

या तिहींत आमच्या मतें भेद असा. राजवाड्यांपासून शंका शिकावी. पण ती विद्या एकट्या पंडिताची राहिली. शोधग्रामापासून मोजणी व तुलना शिकावी; पण तेथें प्रश्न बहुतांशीं डॉक्टरांनीं निवडला. मेंढ्यांत प्रश्नच गांवाचा असतो. मात्र त्याला लागणारी फुरसत व एकजूट शाळेच्या चाळीस मिनिटांच्या तासांत मिळत नाहीं. वर्ग हें तिहींच्या मधलें ठिकाण आहे. तेथें प्रश्न मुलाचा, मोजण्याची रीत शिक्षकाची, आणि शंका दोघांची असावी.

यावर शिक्षकांकडून आक्षेप येईल, आणि तो पोकळ नाहीं. एका वर्गांत साठ मुलें, वर्षाकांठीं ठराविक धडे, शिवाय शिकविण्याबाहेरचीं शंभर कामें. अशांत साठ विहिरी कोण तपासणार? आमचें उत्तर असें कीं साठ प्रकल्प नकोतच. एका वर्गानें वर्षांत एकच प्रश्न घ्यावा, आणि साठ जणांनीं तो वांटून घ्यावा. साठ ठिकाणचीं निरीक्षणें एकत्र आलीं तर तें खरेंखुरें साधन होईल, आणि पुढच्या वर्षींचा वर्ग तें पुढें चालवील. दुसरी अडचण भाषेची. ज्या मुलाच्या घरीं कोलामी बोलतात, त्यानें आजीस प्रश्न मराठींत विचारला तर उत्तरहि तुटक येईल. त्यास कोलामींत विचारूं द्यावें, कोलामींत लिहूं द्यावें, आणि मग त्याचें मराठी त्यानेंच वर्गास समजावून द्यावें. त्या तासाला शिक्षकाहून त्यास अधिक येतें, हें वर्गानें पाहिलें तर कांहीं बिघडणार नाहीं.

या दुसऱ्या गोष्टीचें महत्त्व या मुलखास विशेष आहे. राजुरा ज्या आदिलाबाद जिल्ह्यांत होता, तेथील मार्लवाई येथें क्रिस्टोफ फॉन फ्यूरर-हायमेनडॉर्फ हा ऑस्ट्रियन पंडित गोंडांमध्यें राहिला. १९४३ सालीं तेथें गोंड शिक्षक तयार करण्याचें केंद्र निघालें, आणि १९४८ त त्याचा राजगोंडांवरील ग्रंथ प्रसिद्ध झाला. ग्रंथ आदरणीय आहे, आणि त्यानें पुष्कळ जपून ठेवलें. पण या डोंगरांतल्या माणसांविषयीं कांहीं जाणून घ्यावयाचें झालें कीं आम्हांस अद्याप परकीयाच्या ग्रंथाकडे वळावें लागतें, ही गोष्ट आम्हां प्राध्यापकांस भूषणावह नाहीं. येथील मुलांस विचारणें, मोजणें व लिहून ठेवणें आम्हीं शिकविलें नाहीं, तर त्यांची हकीकत पुढेंहि दुसराच कोणी लिहील, आणि तीं मुलें ती नकलून आपल्या प्रकल्पवहींत उतरवितील.

त्या शाळेस आम्हीं मागाहून पत्र लिहिलें, आणि त्या वहीच्या गुणांचा फेरविचार व्हावा अशी विनंति केली. निकाल लागून गेला होता. गुण बदलले नाहींत. पुढच्या वर्षींच्या गुणपत्रकांत दोन रकाने वाढवावे असेंहि आम्हीं सुचविलें आहे: ‘स्वतः काय पाहिलें’ आणि ‘काय कळलें नाहीं’. हे रकाने शाळेनें स्वीकारले कीं नाहीं हें अद्याप समजलें नाहीं. आमच्या स्वतःच्या वर्गांत मात्र ते यंदापासून सुरू केले आहेत. पहिल्या खेपेस दुसरा रकाना बहुतेकांनीं कोराच ठेवला. तो भरण्यास लाजण्याचें कारण नाहीं हें पटवून देण्यासाठीं आम्हीं फळ्यावर आधीं आमचा स्वतःचा भरला.