मुका केलेला ढोल

केरीहून तेरेखोलला जाताना फेरीबोटीत आमच्या शाळेचा एक विद्यार्थी मोबाईलवर खेळत होता. पडद्यावर डोळ्याच्या आकाराचे काळे सैनिक, आणि आवाज बंद. खेळाचे नाव ‘पाटापोन’. तो फोन मी मागून घेतला, चार रात्री खेळलो. आता एखाद्या नाटकाविषयी लिहावे तसे त्याविषयी लिहितो आहे.

सोनी कंपनीने हा खेळ २००७ साली जपानात, हातात मावणाऱ्या ‘प्लेस्टेशन पोर्टेबल’ यंत्रासाठी काढला. चित्रे रोलितो या फ्रेंच चित्रकाराची. खेळणाऱ्याने ढोल वाजवायचा. तीनदा ‘पाटा’ आणि एकदा ‘पोन’ वाजवले की सैन्य पुढे सरकते, बोल बदलले की हल्ला करते. सैनिक तेच बोल गाऊन परत देतात, तोवर आपण थांबायचे. ताल अखंड राहिला तर सैन्याला जोर चढतो; एक ठोका चुकला की ओसरतो. घरी कोकणी आणि शाळेत मराठी बोलणाऱ्या आपल्या मुलांना हे समजवावे लागत नाही. दशावतारातला पखवाज त्यांनी ऐकलेला असतो.

ते यंत्र २०१४ साली बंद झाले. २०१२ साली आलेला ‘पीपीएसएसपीपी’ हा फुकट प्रोग्राम फोनला त्याची नक्कल करायला लावतो. खेळ मात्र त्यात येत नाही. मुलांमध्ये फिरतात त्या बहुधा चोरीच्या, दाबून लहान केलेल्या प्रती. चोरी मला पसंत नाही. परंतु दाबण्याला दोष देणे चूक. ‘सीएसओ’ पद्धतीत माहिती आवळून बांधतात, खेळताना ती सुटते. अक्षरही गळत नाही. जागा वाचवायला चित्रफिती आणि संवादच कापणे निराळे. ते आडदशावतार गाळून थेट आख्यानाला हात घालण्यासारखे; संकासुर गेला, राजा तेवढा उरला.

‘पाटापोन’ची हानी तिसऱ्याच जागी होते. काचेवर बोट टेकणे आणि ढोल वाजणे यांत स्वस्त फोनवर निमिषभर अंतर पडते. बिनतारी हेडफोन लावला तर अधिकच. मूळ यंत्राला बटणे होती, ठोका बोटाला कळे. पहिल्या रात्री मी सारखा हरलो आणि दोष वयाला दिला.

ठोक्यागणिक पडद्याची कड लुकलुकते. पोरगा तिच्याकडे बघून खेळत होता, जिंकतही होता. फोन परत देताना विचारले, “आवाज लावून कधी खेळलास?”

“ना सर. आवाज फाटीं उरता.”

मी त्याला तारेचा हेडफोन दिला. पहिली लढाई तो हरला. दुसरी खेळताना त्याचा पाय ठेका धरू लागला होता.