‘जय भीम कॉम्रेड’ आणि मामाचा प्रश्न

आनंद पटवर्धनांचा ‘जय भीम कॉम्रेड’ (2011) तुम्ही पाहिलाय का? नसेल तर आधी तो बघा, मग हे वाचा. डाव्यांच्या निवडणूक-आघाड्यांवर पीएचडी करताना मी तो पुन्हा पाहिला, यावेळी वसमतला मामाच्या घरी. मामानं तरुणपणी लाल बावट्याचा प्रचार केलेला.

चित्रपटाची ताकद वादातीत. 1997 साली रमाबाई नगरात पोलिसांच्या गोळीबारात 10 जण गेले, त्यानंतर शाहीर विलास घोगरेंनी आत्महत्या केली. पटवर्धन पुढं 14 वर्षं कॅमेरा घेऊन फिरत राहिले. डाव्या सांस्कृतिक संघटनेनं घोगरेंना बाहेर काढलं होतं. शेवटच्या क्षणी त्यांच्या डोक्याला निळी पट्टी होती. ‘जय भीम’ आणि ‘कॉम्रेड’ यांच्यातली फट एका माणसाच्या आयुष्यात कशी पडते, हे कुठल्याही ग्रंथापेक्षा इथं जास्त कळतं.

चित्रपट संपल्यावर मामानं एवढंच विचारलं, “गाणी झाली, भाषणं झाली. जागावाटप कुठंय?”

प्रश्न बोचरा आहे. चित्रपटात एकी दिसते ती गाण्यात, आणि फूट दिसते ती नेत्यांनी बाजू बदलण्यात. या दोन्हींच्या मधे बैठक असते, हिशेब असतो, कुणी कुठली जागा सोडायची यावरची रात्रभराची घासाघीस असते. ती दिसत नाही. आपल्याकडचंच बघा: 1977 साली शेकापचे केशवराव धोंडगे नांदेडातून आणि शेषराव देशमुख परभणीतून लोकसभेवर गेले, मधल्या हिंगोलीतून जनता पक्षाचे चंद्रकांत पाटील. हे नकाशावर आपोआप घडलं नाही. कुणीतरी जागा सोडल्या.

तुम्ही म्हणाल, हा चित्रपट निवडणुकीचा नाहीच, जातीचा आणि शाहिरीचा आहे. मान्य. उणीव पटवर्धनांची कमी, त्यातून राजकारण शिकणाऱ्या माझ्यासारख्यांची जास्त. माझ्या पहिल्या प्रकरणात आघाडी मोडली की मी दरवेळी ‘विश्वासघात’ लिहिलंय. तो शब्द लिहिला की पुढं काही शोधावंच लागत नाही.

आता ते प्रकरण पुन्हा लिहितोय. त्यासाठी आधी मामाच्या वयाच्या कार्यकर्त्यांकडं जाणार आहे. त्या बैठकांत कॅमेरा नव्हता, पण ही माणसं होती. त्यातली बरीच आता थकलीत.