बळ आवरण्याची कला

शहापूर-मुरबाड भागातील गावजत्रांत ज्यांनी कुस्त्यांचा फड पाहिला आहे, त्यांना एक दृश्य परिचित असेल. प्रतिस्पर्ध्याला चितपट केल्यावर जाणता पहिलवान मिरवत बसत नाही. पडलेल्याला हात देऊन उठवतो, छातीशी धरतो आणि मगच इनामासाठी पंचांसमोर जातो. दारासिंग यांच्या अभिनयाचा विचार करताना आम्हांला हे दृश्य वारंवार आठवते. ‘पहिलवानाला अभिनय कसला?’ हा त्यांच्याविषयीचा रूढ निवाडा आम्हांला अर्धाच खरा वाटतो.

पहिला अर्धा भाग मान्य केलाच पाहिजे. ‘किंग काँग’ (१९६२) आणि ‘फौलाद’ (१९६३) यांनी दारासिंग नायक झाले. मुमताजसह त्यांचे अनेक चित्रपट आले. परंतु ह्या चित्रपटांना माणूस नको होता, दंड हवे होते. साखळदंड तोडावेत, शत्रू उचलून फेकावा, एवढीच अपेक्षा. १९६४ साली ‘सॅमसन’ नावाचाही चित्रपट निघाला. बायबलमधील शास्ते ह्या पुस्तकात त्या बलवानाची कथा वाचणाऱ्यांना ठाऊक आहे, की तिचे मर्म त्याच्या बाहूंत नसून बळ गमावल्यानंतरच्या अंधारात आहे. आपल्या पोशाखी करमणुकीने बलवानाचे नाव घेतले. अंधार मात्र घेतला नाही.

हा दोष केवळ मुंबईचा नव्हे. १९१२च्या स्टॉकहोम ऑलिंपिकमध्ये दोन सुवर्णपदके जिंकणारा जिम थॉर्प हा अमेरिकेतील मूळ आदिवासी, कॅथलिक संस्कारांत वाढलेला. पुढे हॉलिवूडने त्याला अनेक चित्रपटांत उभे केले. पण बहुधा टोळीतला एक म्हणून, कित्येकदा श्रेयनामावलीत नावही न देता. १९२०च्या अँटवर्प ऑलिंपिकमधील कुस्तीचा रौप्यविजेता नॅट पेंडल्टन त्या मानाने सुदैवी. धिप्पाड पण भोळसट माणसे रंगवून त्याने चरित्र अभिनेता म्हणून स्वतःची जागा मिळवली.

दारासिंग यांनाही अशी जागा मिळाली, ती नायकपद ओसरू लागल्यावर. १९६८ साली मुंबईत लू थेझला हरवून जगज्जेता ठरलेला हा मल्ल १९७१च्या ‘आनंद’मध्ये केवळ आखाड्यातील एक पहिलवान म्हणून येतो. भूमिका लहान, पण तिच्यात त्यांना काहीच सिद्ध करायचे नसल्यामुळे वावर मोकळा आहे. त्याच चित्रपटातील ललिता पवारांची मेट्रन डिसा आपल्या वाचकांच्या स्मरणात असेलच. करारी चेहऱ्याआड माया जपणे हे त्या भूमिकेचे सूत्र. धिप्पाड देहाआड सौजन्य जपणे हे पहिलवानाच्या भूमिकेचे. उलट ‘मर्द’मध्ये (१९८५) पुन्हा ताकदीचेच प्रदर्शन झाले आणि अभिनेता हरवला.

त्यांचे खरे यश ‘रामायण’ मालिकेतील हनुमान. २५ जानेवारी १९८७ पासून रविवारी सकाळी रस्ते ओस पडू लागले, तेव्हा दारासिंग अठ्ठावन्न वर्षांचे होते. वानरमुखाच्या रंगभूषेने चेहऱ्याची हालचाल जखडलेली. हाती उरले ते डोळे, मान आणि उभे राहण्याची ढब. रामापुढे हात जोडून बसताना तो प्रचंड देह ते असा आवरून घेतात, की नम्रता दिसण्यासाठी संवादाची गरज उरत नाही. समुद्रतीरी जांबवंत विसरलेल्या सामर्थ्याची आठवण करून देतो तो प्रसंग पाहावा. ते ऐकणारा पहिलवान आम्हांला उड्डाण करणाऱ्या पहिलवानापेक्षा मोठा नट वाटतो. संवादफेकीत त्यांच्या मर्यादा आहेत. पंजाबी वळण लपत नाही. पण ऐकणे हाही अभिनय आहे, आणि तो त्यांना साधला होता.

दारासिंग १२ जुलै २०१२ रोजी निवर्तले. त्यांच्या कारकिर्दीचा आमच्या मते बोध असा, की बळाचे दर्शन घडवणे सोपे, बळ आवरणे अवघड; आणि ती शिस्त त्यांना पडद्याआधी मातीने शिकवली. पाड्यावरचा चपळ धावपटू किंवा फडातला तरुण मल्ल पाहताना आपणही त्याचे दंड आणि पोटऱ्याच मोजतो. त्या देहात एक ऐकणारे, समजणारे मन आहे हे ओळखायला चित्रसृष्टीला कितीतरी वर्षे लागली. आपण आपल्या मुलांच्या बाबतीत इतका उशीर करू नये.