सुधाकराची दुसरी सकाळ

गडकऱ्यांचे ‘एकच प्याला’ १९१९ साली प्रथम रंगभूमीवर आले, ते आमच्या बडोद्यात. सिंधूसाठी डोळे पुसत घरी परतलेल्या प्रेक्षकांच्या आठवणी येथील जुन्या घरांतून आम्ही ऐकल्या आहेत. मात्र त्या नाटकातील एका वळणाकडे पुरेसे लक्ष गेले नाही, असे आम्हांस वाटते. सुधाकर मध्यंतरी दारू सोडतो, नोकरी मागत फिरतो, अपमानित होऊन परततो आणि पुन्हा प्याला उचलतो. त्याचा निश्चय खोटा नव्हता. निश्चयानंतरचा दिवस कसा काढावा, हे त्याला कोणी शिकविले नव्हते.

ते शिकविण्याची हकीकत अनिल अवचटांच्या ‘मुक्तांगणची गोष्ट’ या पुस्तकात आहे. त्यांच्या गर्दवरील लेखनाने अस्वस्थ झालेल्या पु. ल. व सुनीताबाई देशपांडे यांच्या देणगीतून १९८६ साली पुण्यात हे केंद्र उभे राहिले, डॉ. अनिता अवचटांनी त्यास आकार दिला. पस्तीस दिवसांचा मुक्काम, ठरल्या वेळी उठणे, योगासने, श्रमाची कामे, गटात बसून स्वतःविषयी खरे बोलणे. व्यसनातून सुटलेलेच पुढे तेथे कार्यकर्ते होतात. पत्नींनाही बोलते केले जाते. सिंधूच्या वाट्याला केवळ सोसणे आले होते. अवचटांचे बळ या साध्या दिनक्रमाच्या निवेदनात आहे. उपदेश ते टाळतात. परंतु हे कथन अखेर संस्थेच्या आप्ताचे आहे. मनाविरुद्ध कोंडल्या गेलेल्या माणसाने स्वतः लिहिलेली दैनंदिनी मराठीत आमच्या वाचनात आलेली नाही.

ती असती, तर आम्हांस एक गोष्ट लवकर उमजली असती. परिचयातील एका तरुणास घरच्यांनी रात्री गाडीत घालून दूरच्या एका केंद्रात ठेविले. तेथे कुलूप होते. काम नव्हते, संवाद नव्हता. तो भिंतीकडे पाहून दिवस मोजी. सहा महिन्यांनी परतला, तेव्हा लग्नकार्यात सर्वांनी त्याला टाळले, आम्हीही टाळले. महिन्याभरात तो पूर्वपदावर गेला.

दारूबंदीच्या राज्यात आयुष्यभर चाकरी करूनही बंदीच्या पलीकडचा विचार आम्ही केला नव्हता. सक्तीची अशी बंदिकेंद्रे बंद करावीत, असे आवाहन संयुक्त राष्ट्रांच्या संस्थांनी २०१२ साली केले, ते आता पटते. गडकऱ्यांनी सुधाकराच्या नाशात समाजाचा वाटा दाखविला होता; आम्ही मात्र तळीरामाला दोष देऊन मोकळे झालो. आपल्या मंडळात पुन्हा या नाटकाचे वाचन होईल, तेव्हा सुधाकराच्या नोकरीच्या शोधाचा भाग वेळेअभावी गाळू नये, एवढीच विनंती.