टांग्याखालची बाई

परवा कात्रजला मित्राच्या खोलीवर मोबाईलवर पुन्हा ‘शोले’ लावला. बसंतीचा टांगा उधळला तशी पोरं शिट्ट्या मारायला लागली. मी विचारलं, टांग्यावर कोण? म्हणाली, हेमा मालिनी. म्हटलं, नीट बघा. जिथं जीव जायची पाळी येते तिथं रेश्मा पठाण आहे.

दोस्तहो, ‘शोले’ १९७५ चा. रेश्माबाई त्याच्या आधी सातेक वर्षं, चौदाव्या वर्षी, घरच्या गरिबीपायी या धंद्यात आल्या. स्टंट दिग्दर्शक एस. अझीम यांनी त्यांना आणलं. तोवर हिरॉइनच्या बदली बहुधा पुरुषच गंगावण लावून उड्या मारायचे. मुंबईच्या स्टंट कलाकारांच्या संघटनेत सभासद झालेली ही पहिली बाई. टांगा उलटतो त्या प्रसंगाच्या शूटिंगमध्ये त्या जखमी झाल्या. हिरोच्या डुप्लिकेटला कोटाखाली पॅड बांधता येतात. चोळी-घागऱ्यात पॅड लपवणार कुठं? बाईचं अंग थेट जमिनीवर आपटतं.

आणि या धंद्याचा कायदा बघा. काम जितकं चोख, तितकी करणारी दिसत नाही. चेहरा दिसला की शॉट बाद. मी सूतगिरणीत आहे, मला हे नवीन नाही. गठ्ठ्यावर छाप गिरणीचा असतो, तुटला धागा सांधणाऱ्या बोटांचा नसतो.

२०१९ साली आपल्या मराठी आदित्य सरपोतदारनं रेश्माबाईंवर पिक्चर काढला. बिदिता बागनं त्यांची भूमिका केली. काढला हे चांगलंच. पण नाव काय ठेवलं? ‘द शोले गर्ल’. म्हणजे जिनं ‘शोले’साठी अंग झिजवलं, तिची ओळख पुन्हा ‘शोले’च्याच मालकीची. पोस्टरवर ‘रेश्मा पठाण’ एवढंच लिहिलं असतं तर काय बिघडलं असतं?

आता आपल्या घरचं बोलू. १३ जुलै २०२५. तमिळनाडूत नागपट्टिनम जिल्ह्यात पा. रंजित यांच्या ‘वेट्टुवम’चं शूटिंग. गाडी उलटवण्याच्या प्रसंगात स्टंट कलाकार एस. एम. राजू गेले. रंजित आपले. त्यांच्या पिक्चरला आपण निळे झेंडे घेऊन जातो. गुन्हा नोंद झाला. दोष कुणाचा ते कोर्ट बघेल. पण दुसऱ्याच्या सेटवर माणूस मेला असता तर आपण जेवढं बोललो असतो, तेवढं इथं बोललो का? मीही बोललो नाही. मला त्याची लाज वाटते.

म्हणून म्हणतो, पिक्चरवर लिहिताना कथा कुणाची, हिरो कोण, एवढ्यावर थांबू नका. पडलं कोण ते विचारा. त्याचा विमा होता का, पाटीवर त्याचं नाव आलं का, तेही विचारा. आपला पिक्चर असेल तर आधी विचारा.

आणि शिट्टी मारायचीच असेल तर रेश्माबाईंच्या नावानं मारा.