'माइंडिंग द गॅप' : गतीचे सौंदर्य आणि कॅमेऱ्याची जबाबदारी

स्केटबोर्डिंग हा अमेरिकेतील शहरी तरुणाईचा केवळ क्रीडाप्रकार नाही. त्याने स्वतःची एक दृश्यभाषा घडविली आहे. स्टेसी पेराल्टा यांची 'द बोन्स ब्रिगेड व्हिडिओ शो' (१९८४) आणि स्पाइक जोन्झ यांची 'व्हिडिओ डेज' (१९९१) या ध्वनिचित्रफिती या परंपरेतील महत्त्वाचे टप्पे होत. चाके लावलेल्या फळीवरील कसरती, त्यांना जोडलेले संगीत, वारंवार पडणे आणि अखेरीस साधलेली उडी हा या प्रकाराचा रूढ संकेत होय. खेळाडूचे घर मात्र सहसा या चौकटीबाहेर राहते. बिंग लिऊ यांचा 'माइंडिंग द गॅप' (२०१८) हा माहितीपट हे वगळलेले घर चौकटीत आणतो. हेच त्याचे वेगळेपण होय.

इलिनॉय राज्यातील रॉकफर्ड या उद्योगधंद्यांना उतरती कळा लागलेल्या शहरातील तीन मित्रांची ही कथा आहे. त्यांपैकी एक स्वतः लिऊ आहेत. एका तपाहून अधिक काळातील चित्रीकरण यात वापरले आहे. लिऊ स्वतः स्केटबोर्डवरून मित्रांच्या मागे सरकत चित्रीकरण करतात. त्यामुळे ओसाड रस्त्यांवरील त्यांचा संचार प्रेक्षकाला मुक्तीचा अनुभव देतो. याउलट घरातील मुलाखतींमध्ये कॅमेरा स्थिरावतो आणि मारहाणीच्या आठवणी बाहेर येतात. गती आणि स्थैर्य यांच्यातील हा ताण केवळ तंत्राचा भाग राहत नाही. मुले रस्त्यावर का धावतात, याचे उत्तरच त्यातून मिळते.

खरा पेच पुढे उभा राहतो. एका मित्राची जोडीदार त्याच्याकडून झालेल्या मारहाणीविषयी बोलते. आता कॅमेरा धरणारा मित्र केवळ साक्षीदार राहू शकतो काय? लिऊ हा प्रश्न स्वतःकडेही वळवितात. सावत्र वडिलांच्या हिंसेविषयी ते आपल्या आईची मुलाखत घेतात, तेव्हा दुसरा कॅमेरा त्यांच्यावरही रोखलेला असतो. इतरांच्या जखमा उघड करणाऱ्याने स्वतःलाही उघडे केले पाहिजे, ही नैतिक भूमिका येथे रचनेतूनच सिद्ध होते. आत्मपर प्रयोगशील चित्रपटाशी या कृतीचे नाते जुळते ते याच ठिकाणी.

चित्रपटाच्या मर्यादाही नोंदवाव्या लागतात. स्त्रियांचे अनुभव यात प्रामुख्याने पुरुषांच्या घडणीच्या संदर्भात येतात. त्यांच्या स्वतंत्र आयुष्याला पुरेसा अवकाश मिळत नाही. बेरोजगारी आणि वर्णभेद यांचे सूचन प्रभावी असले तरी हिंसेशी असलेला त्यांचा संबंध पुरेसा उलगडत नाही.

सनडान्स महोत्सवातील विशेष ज्युरी पुरस्कार (२०१८) आणि त्यानंतर मिळालेले ऑस्कर नामांकन यांमुळे या चित्रपटाची दखल सर्वदूर घेतली गेली. तथापि त्याचे मोल पुरस्कारांपलीकडचे आहे. शीर्षकातील 'गॅप' ही पदपथावरील भेग आहे, तशीच ती बालपण आणि प्रौढत्व यांच्यातील दरीही आहे. स्केटबोर्डवरून भेग ओलांडता येते. वारशाने आलेली हिंसा ओलांडण्यासाठी प्रथम तिचा उच्चार करावा लागतो. लिऊ यांचा कॅमेरा त्या उच्चाराला जागा करून देतो.