खैरलांजीची घटना आणि वृत्तपत्रांची भाषा

हिंसा आणि तिची वार्ता यांचा संबंध सामान्यतः पूर्वापर क्रमाने सांगितला जातो. प्रथम कृत्य घडते. मागाहून वृत्तपत्र ते कळविते. आनंद तेलतुंबडे यांच्या ‘खैरलांजी: अ स्ट्रेंज अँड बिटर क्रॉप’ (२००८) या इंग्रजी ग्रंथाचे महत्त्व हे की, तो ही समजूत मोडून काढतो. २०१० साली हेच विवेचन ‘द पर्सिस्टन्स ऑफ कास्ट’ या नावाने लंडनहून प्रसिद्ध झाले.

२९ सप्टेंबर २००६ रोजी भंडारा जिल्ह्यातील खैरलांजी येथे भोतमांगे या बौद्ध कुटुंबातील आई, मुलगी व दोन मुलगे अशा चौघांची जमावाने हत्या केली. तीनच दिवसांनी, २ ऑक्टोबरच्या विजयादशमीस, धम्मदीक्षेच्या सुवर्णमहोत्सवासाठी लक्षावधी लोक नागपुरात दीक्षाभूमीवर जमले. परंतु शेजारच्या जिल्ह्यातील हे हत्याकांड तेथे गाजले नाही. व्यापक क्षोभ उसळला तो नोव्हेंबरात. मधल्या काळात जी वार्ता आली, तीत अनैतिक संबंधाचा प्रवाद कारण म्हणून पुढे करण्यात आला होता. लोक रस्त्यावर आले, तेव्हा त्यांच्यामागे नक्षलवाद्यांचा हात असल्याचा संशय शासनाकडून व्यक्त झाला. मौन, प्रवाद आणि संशय ही अत्याचाराचीच पुढली पायरी होय, हा तेलतुंबडे यांचा निष्कर्ष आम्हांस मान्य आहे.

मात्र या मौनाचे कारण सांगताना लेखक वृत्तपत्रसृष्टीतील जातीय पूर्वग्रहावर फार भार टाकतात. पूर्वग्रह होता, हे खरेच. तथापि तालुक्याचा वार्ताहर बहुधा पोलिसांनी दिलेल्या माहितीवर विसंबतो. ती माहितीच ज्या शब्दांत येते, ते शब्द बातमीत उतरतात. या यंत्रणेची चिकित्सा ग्रंथात अपुरी राहिली आहे.

ती आवश्यक का, हे न्यायनिर्णयांवरून कळते. भंडाऱ्याच्या न्यायालयाने २००८ साली आठ जणांना दोषी ठरविले व त्यांपैकी सहा जणांना फाशी सुनावली. २०१० साली उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाने ती शिक्षा पंचवीस वर्षांच्या कारावासात बदलली. दोन्ही ठिकाणी अत्याचार प्रतिबंधक कायदा लागू झाला नाही; कृत्याचे कारण सूड हेच मानले गेले. माय-लेकींनी एका मारहाणीच्या प्रकरणात आरोपींना ओळखले होते, हे सत्य आहे. परंतु वैर केवळ निमित्त सांगते. साक्ष दिली म्हणून अख्ख्या कुटुंबास उघड्यावर ठार मारण्याचे धैर्य गावास कोठून आले, याचे उत्तर ‘सूड’ या शब्दात नाही. ते जातीच्या सत्तेत शोधावे लागते, आणि तेलतुंबडे यांनी जमीन, राजकारण व नोकरशाही यांच्या अनुषंगाने ते शोधले आहे.

प्रवादापासून सुडापर्यंत शब्द बदलला, पण जात दोन्हींत झाकलीच गेली. ऑक्टोबर ते डिसेंबर २००६ मधील नागपूरच्या दैनिकांचे अंक व हे दोन निकाल एकत्र ठेवून वाचणे, हे अभ्यासकांपुढील पुढचे कार्य आहे. त्याचा पाया या ग्रंथाने घातला आहे.